येळेचा ताईत

माझ्या कपाटाच्या खणात तांब्याची एक लहानशी पेटी आहे. ताईताची. बोटाच्या दोन पेरांएवढी, दोन्ही टोकांना दोरा ओवायला कड्या, आणि टोपणाच्या फटीत काळं पडलेलं मेण. दोरा केव्हाच कुजून गेला. ही पेटी माझ्या आजोबांच्या, म्हणजे आबांच्या, उजव्या दंडावर तीन वर्षं होती. तिच्यात काहीही नाही. पहिल्या दिवसापासून नव्हतं. ही गोष्ट घरात फक्त दोघांना ठाऊक होती, माझ्या थोरल्या चुलतीला आणि मला, अशी माझी बरीच वर्षं समजूत होती. या मोकळ्या पेटीवरून आमच्या दोघांत जे भांडण झालं, त्याचा निकाल मला अजून नीट लावता आलेला नाही. म्हणून लिहायला बसलो.

आमचं गाव माणदेशातलं. आभाळाकडं डोळे लावून बसणारं. आबांनी आयुष्यात मनगटाला घड्याळ बांधलं नाही. त्यांना त्याची गरजच पडली नाही. दिवस कासराभर वर आला की न्याहारी. सावली पायाखाली आली की मोट सुटायची, दिवस कलला की पुन्हा जुंपायची. रात्री आभाळ होतंच. मार्गशीर्षात तिकांडं दिवेलागणीला उगवतं, मध्यान रातीला डोक्यावर येतं आणि पहाटे मावळतीला टेकतं, हे मला पहिल्यांदा त्यांनीच दाखवलं. मी पुढं विज्ञानाचा मास्तर झालो आणि मुलांना मृग नक्षत्र शिकवलं. पण पुस्तक उघडलं की आधी आठवायचा तो आबांचा वर केलेला हात.

लग्नात मुहूर्ताला जोशी पाण्याच्या घंगाळात घटिकेची वाटी सोडायचे. बुडाला बारीक भोक असलेली वाटी. ती भरून बुडाली की एक घटका, आपल्या हिशेबानं २४ मिनिटं. अशा ६० घटकांचा एक दिवस आणि एक रात्र. मांडवात सगळे वाटीकडं बघत असायचे. आबा बाहेर जोत्यावर पान खात बसलेले असायचे आणि तिथूनच म्हणायचे, "बुडंल आता." बहुतेक वेळा बुडायची. पुढं गावात एस. टी. आली, दोनचार घरांत रेडिओ आले, तरी बाया पाण्याला जाता जाता आबांनाच विचारायच्या, "आबा, किती दिस ऱ्हायलाय ओ?"

अशा माणसाची वेळ हरवली.

१९८८ साली आजी गेली. त्यानंतर वर्षभरात सुरू झालं. आधी वार चुकायला लागले. आज बाजार का उद्या, हे दिवसातून चारदा विचारायचे. मग महिने गेले. श्रावणात म्हणायचे, "ज्वारीची काढणी कवा काढायची?" आणि शेवटी दिवस आणि रात्र एकमेकांत मिसळली. रात्री दोनला उठून खुंटीवरचा कासरा घ्यायचे आणि गोठ्यात जाऊन हाका मारायचे, "पवळ्या! हौश्या!" ही बैलं बहात्तरच्या दुष्काळात विकलेली. विहिरीवर इंजिन बसून, त्यानंतर विजेची मोटर बसून जमाना झाला होता. आबांची मोट मात्र रोज रात्री जुंपायची राहून जायची.

संध्याकाळ सगळ्यांत वाईट. गुरं घरी येण्याच्या वेळेला त्यांचा जीव कासावीस व्हायचा. उंबऱ्याशी येऊन म्हणायचे, "सूनबाई, मी आता घरला जातो. हितं लई येळ झाला." स्वतःच्या घराच्या उंबऱ्यात उभं राहून.

तालुक्याच्या डॉक्टरांनी सांगितलं, वयानं होतं असं. झोपेच्या गोळ्या दिल्या. त्या गोळ्यांनी आबा दिवसाही पेंगायला लागले आणि रात्री भिंतीला धरून चालायला लागले. आज याला स्मृतिभ्रंश म्हणतात. अशा आजारात काळाचं भान बहुधा आधी जातं. जागा आणि माणसं त्यामागून जातात. संध्याकाळी तगमग वाढते, हेही अनेकांच्या बाबतीत दिसतं. तेव्हा आमच्या गावात त्याला एकच नाव होतं, म्हातारचळ.

मी तेव्हा तालुक्याला हायस्कुलात नोकरीला होतो. शनिवारी सकाळची शाळा संपली की एस. टी.नं गावी यायचो. एका शनिवारी मी भिंतीवरचं मोठं घड्याळ आणि ठळक आकड्यांचं कॅलेंडर घेऊन आलो आणि आबांच्या बाजेसमोर टांगलं. त्या रात्री आबा उठले. मी बॅटरीचा झोत घड्याळावर टाकला आणि म्हणालो, "आबा, हे बघा. रात्रीचे दोन वाजलेत. झोपा बघू."

आबांनी घड्याळाकडं पाहिलं, मग माझ्याकडं. म्हणाले, "कुणाचं दोन?"

मला हसू आलं. नंतर बरीच वर्षं तो प्रश्न डोक्यात राहिला.

नानी ही माझी थोरली चुलती. आम्ही सगळी पोरं तिला नानी म्हणायचो. शाळेत चौथीपर्यंत गेलेली. चुलते लवकर वारले, तेव्हापासून घर तिच्याच अंगावर. सासऱ्यासमोर तिचा पदर कधी डोक्यावरून ढळला नाही. आबा सोप्यात असले की ती माजघरातून बोलायची, तेही निम्मं भिंतीशी. सासऱ्याच्या अंगाला हात लावणं तिच्या पिढीच्या सुनेला शक्यच नव्हतं.

१९९० च्या हिवाळ्यात मी एकदा घरी आलो तर आबांच्या दंडावर काळा दोरा आणि तांब्याची पेटी. मी विचारलं, "हे काय?" आबांनी पेटीवर हात ठेवला आणि शहाण्या मुलासारखं सांगितलं, "येळेचा ताईत हाय. सूनबाईनं आणलाय."

मागच्या दारी नानी भांडी घासत होती. मी तिच्यासमोर जाऊन उभा राहिलो. तिनं वरही न बघता सांगून टाकलं. बाजारातनं चार रुपयांची पेटी आणली, मेणानं बंद केली आणि आबांच्या दंडाला बांधली. त्यांना म्हणाली, "मामा, ह्यात दिस आन रात दोनी बांधून टाकल्यात. हा दंडाला हाय तवर येळ तुमाला सोडून जायाची न्हाय. कवा बावरल्यागत झालं की ह्याला हात लावायचा आन मला हाक मारायची."

"आणि आत काय घातलंस?"

"काय न्हाय. मोकळी हाय."

मला संताप आला. तो काळही तसा होता. डॉ. नरेंद्र दाभोलकरांनी १९८९ साली महाराष्ट्र अंधश्रद्धा निर्मूलन समिती स्थापन केली होती. साताऱ्याचं ते काम आमच्या भागात सगळ्यांना माहीत होतं. मी शाळेत मुलांना नारळातून केस आणि पाण्यातून आग काढून दाखवायचो आणि त्यामागची हातचलाखी उघडी करायचो. गंडेदोरे बांधू नका, असं मी पालकसभेत ओरडून सांगायचो. आणि माझ्याच घरात, माझ्याच आजोबांच्या दंडावर, बनवलेला ताईत. तोही कुणी बुवानं दिलेला नव्हता. घरच्या माणसानं, खोटा आहे हे जाणून बांधलेला. मला ते बुवापेक्षा वाईट वाटलं. बुवाचा निदान स्वतःच्या मंत्रावर थोडा तरी विश्वास असेल.

मी म्हणालो, "नानी, तू आबांना फसवतीयास."

ती म्हणाली, "व्हय."

एवढंच. पुढं वाद घालायला तिनं जागाच ठेवली नाही.

हे मान्य करायला हवं की आबा शांत झाले. रोज नाही, पूर्ण नाही, पण महिन्याभरात फरक दिसला. रात्री उठले तरी दंडाला हात जायचा आणि हाक यायची, "सूनबाई!" नानी उठायची. त्यांचा हात धरून अंगणात आणायची आणि आभाळ दाखवायची. "अजून लई रात हाय मामा. तिकांडं बगा कुटं हाय. निजा आता." आणि आबा निजायचे. सकाळी ती त्यांना कोवळ्या उन्हात बसवायची, पेटीवर त्यांचा हात ठेवायची आणि सांगायची, "दिस कासराभर आलाय मामा. आज बेस्तरवार." दुपारी पुन्हा. संध्याकाळी गुरं यायच्या आधीच ती कामं टाकून त्यांच्याजवळ बसायची. "आता गुरं येत्याल. मग दिवा लागंल. मग भाकरी." प्रत्येक वेळी तोच हात, तीच पेटी.

मी हे सगळं बघत होतो आणि तरी मला दिसत होता फक्त ताईत.

१९९१ ची दिवाळीची सुट्टी. नानी दुपारची ओढ्यावर धुणं घेऊन गेली होती. आबा सोप्यात बसले होते आणि अंगठ्यानं पेटी चोळत होते. मला वाटलं, हा माणूस आभाळ वाचायचा. त्याला आपण तांब्याच्या डबीचा गुलाम केलं. मी शेजारी बसलो, दोरा सोडला, चाकूनं मेण काढलं आणि पेटी त्यांच्या हातावर उपडी केली. म्हणालो, "बघा आबा. काही नाही यात. तुमची समजूत घातलीय. तुम्हाला याची गरज नाही."

आबांनी आधी पेटीत पाहिलं, मग तळहातावर, मग खाली जमिनीवर. काहीतरी सांडलं असावं असं बघत होते. म्हणाले, "मग येळ कुटं गेली?"

माझ्याकडं उत्तर नव्हतं. मी काहीतरी बोललो. वय, मेंदू, आजार. ते ऐकत नव्हते. त्यांची बोटं दंडावर मोकळ्या जागी फिरत होती.

त्या रात्री ते कुणालाच हाक न मारता बाहेर पडले. तीनच्या सुमाराला नानीला जाग आली तर बाज रिकामी, खुंटीवर कासरा नाही. ती कंदील घेऊन थेट विहिरीकडं पळाली. मी तिच्या मागं. विहिरीला कठडा नव्हता. आबा जुन्या मोटेच्या धावेवर बसले होते, हातात कासऱ्याचं टोक, पाय बाभळीच्या काट्यांनी फुटलेले. पुढं तीन-चार हातांवर काळं पाणी. तिकांडं बरोबर डोक्यावर होतं. नानीनं त्यांचा हात धरला आणि नेहमीच्या आवाजात म्हणाली, "मामा, अजून लई रात हाय. चला."

चार दिवस ताप होता. मला कुणी काही बोललं नाही. पाचव्या दिवशी नानीनं पेटीला नवं मेण लावलं, नवा काळा दोरा घेतला आणि बांधली. मी सांगितलेलं आबा केव्हाच विसरले होते. मी विसरलो नव्हतो.

इथं गोष्ट संपली असती, तर नानी बरोबर आणि मास्तर चूक, असा सोपा निकाल लागला असता. पण खोटं घरात कोंडून राहत नाही. म्हाताऱ्याचा चळ ताईतानं थांबला, ही बातमी वस्तीपर्यंत गेली. पुढच्या पावसाळ्यात एक तरणी बाई पोराला कडेवर घेऊन आमच्या अंगणात आली. पोराला चार दिवस ताप, रात्री दचकतंय, डोळे फिरवतंय. तिनं दवाखाना केला नव्हता. तिला आमच्याकडचा ताईत हवा होता. ज्याची मला भीती होती ते हेच. मी नेमका त्या दिवशी घरी होतो. मला वाटलं, आता बघू नानी काय करते ते.

पाण्याच्या हंड्यासह चार बाया तिथंच उभ्या होत्या. त्यांच्यादेखत नानी म्हणाली, "बये, त्यात काय न्हाय. बाजारातनं चार रुपयाची पेटी आणलीया म्या. मोकळी. पोराला आत्ताच्या आत्ता दवाखान्यात ने." बाईला खरं वाटेना. तिला वाटलं, नानी ताईत लपवतीय. मग नानीनं मला पिटाळलं आणि मी त्या दोघांना सायकलवरून सरकारी दवाखान्यात नेलं. पोरगं वाचलं. पण गावात दोन तट पडले. काही म्हणाले, सुनेनं सासऱ्याला फसवलं. काही म्हणाले, ताईत खरा आहे, देत नाही म्हणून खोटं बोलते. म्हणजे खोटं बोलून तिनं घरातलं माणूस सांभाळलं आणि खरं बोलून गावातली अब्रू घालवली.

मी तिला विचारलं, "तिला खरं सांगितलंस, मग आबांना का नाही?"

ती म्हणाली, "तिनं इचारलं."

तेव्हा मला ती पळवाट वाटली.

१९९३ च्या उन्हाळ्यात आबा झोपेतच गेले. तेरावा झाल्यावर नानीनं पेटी माझ्या हातात दिली आणि एक गोष्ट सांगितली. ती तोवर तिनं कुणाला सांगितली नव्हती. शेवटच्या वर्षात कधीकधी आबांचं डोकं लख्ख व्हायचं. तासभर, अर्धा तास. अशा एका दुपारी त्यांनी तिला समोर बोलावलं आणि विचारलं, "सूनबाई, ह्यात काय हाय गं?"

नानी म्हणाली, "मला खोटं बोलवंना. म्हनलं, काय न्हाय मामा, मोकळी हाय."

"मग?"

"मग लई येळ गप बसलं. आन म्हनलं, बांधलीयास तर ऱ्हाऊ दे."

हे ऐकल्यापासून मी या गोष्टीकडं वेगळ्या बाजूनं बघतो. मी आबांना जे सत्य सांगितलं होतं, ते त्यांनी मागितलं नव्हतं. ते मला सांगायचं होतं. शाळेत, पालकसभेत मी जो होतो, तोच घरातही आहे, हे मला स्वतःला पटवायचं होतं, आणि त्यासाठी मी एका गोंधळलेल्या म्हाताऱ्याचा हात वापरला. नानी खोटं बोलली, पण विचारणाऱ्याशी नाही. ज्यानं विचारलं, त्याला तिनं पहिल्याच वाक्यात खरं सांगितलं, मग तो सासरा असो की वस्तीवरची बाई. आणि तिच्या खोट्याची भरपाई ती रोज स्वतःच्या झोपेतून करत होती. बुवा ताईत देतो आणि पुढच्या गावी जातो. नानीनं ताईत दिला आणि तीन वर्षं रात्री दोनला उठली.

आज मला वाटतं, तिला त्या पेटीची गरज आबांपेक्षा कमी नव्हती. सासऱ्याचा हात धरायला सुनेला काहीतरी निमित्त हवं होतं. पेटीच्या निमित्तानं ती त्यांच्याशेजारी बसू शकली आणि दिवसातून चारदा त्यांना वेळ सांगू शकली. आबांना जी वेळ लाभली ती तिच्या तोंडून लाभली. मी भिंतीवर टांगलेलं घड्याळ अचूक होतं, पण ते टांगून मी सोमवारी पहिल्या एस. टी.नं निघून जायचो.

आणि "कुणाचं दोन?" हा आबांचा प्रश्नही तितका खुळा नव्हता. आपलं प्रमाणवेळेचं घड्याळ पूर्वेकडच्या ८२.५ रेखांशावर लावलेलं आहे. आमच्या गावात सूर्य डोक्यावर येतो तेव्हा घड्याळात बाराच्या पुढं साधारण अर्धा तास झालेला असतो. १९०६ साली ही वेळ देशाला लागू झाली, तरी मुंबईनं पुढं कितीतरी वर्षं स्वतःची ३९ मिनिटं मागं असलेली वेळ सोडली नव्हती. घड्याळातले दोन म्हणजे सगळ्यांनी मिळून मान्य केलेले दोन. आबा त्या मान्य करणाऱ्यांतून बाहेर पडले होते, आणि भिंतीकडं बोट दाखवून त्यांना आत आणता येत नव्हतं. अर्थात फरक आहेच. घड्याळाचा करार उघड आहे, कुणीही तपासून बघावा. ताईताचा करार झाकलेला होता. हा फरक मी आजही सोडायला तयार नाही. २०१३ साली डॉ. दाभोलकरांची हत्या झाली आणि त्याच वर्षाअखेरीस जादूटोणाविरोधी कायदा विधिमंडळात मंजूर झाला, तेव्हा मी निवृत्तीला आलो होतो, आणि तेव्हाही मी पालकसभेत तेच सांगत होतो, गंडेदोरे बांधू नका. आजही सांगेन. कडेवरचं ते तापलेलं पोर मला विसरता येत नाही.

मग निकाल काय? एक शंका राहतेच. ज्याला विचारायचंच भान उरलं नाही, त्याच्या न विचारण्याला त्याची संमती कशी म्हणायची? आबांची ती लख्ख दुपार आलीच नसती तर? नानीला हे मी एकदा बोलून दाखवलं. ती म्हणाली, "पाप लागलं आसंल तर मला लागंल. तुजं तू बग." आता ती नाही. विचारायला कुणी उरलं नाही.

मी सत्तरीच्या जवळ आलोय. २०२० च्या टाळेबंदीत घरात बसून वार चुकायला लागले, तसे सगळ्यांचेच चुकत होते. पण टाळेबंदी उठली तरी माझे अधूनमधून चुकतात. परवा संध्याकाळी अंगणात उभा होतो आणि क्षणभर कळेना, ही पहाट आहे की सांज. गुरांचा आवाज यायची वाट बघत राहिलो. आमच्याकडं आता गुरं नाहीत.

मुलाला आणि सुनेला मी एका रविवारी समोर बसवून ही पेटी दाखवली. सगळं सांगितलं, विहिरीसकट. म्हणालो, पुढं वेळ आली तर तुम्हाला काय बांधायचं ते बांधा. फक्त मी विचारलं तर खरं सांगा. सून थोडा वेळ काही बोलली नाही. मग तिनं विचारलं, "आणि तुम्ही विचारलं नाहीत तर?"

पेटी पुन्हा खणात ठेवली आहे. तिच्या प्रश्नाचं उत्तर मी अजून दिलेलं नाही.